प्रजेचे नागरिक होईपर्यंत

१५ ऑगस्ट १९४७ च्या सकाळी हातोद कुणाचे होते? इंदूरच्या पश्चिमेला वीस-पंचवीस किलोमीटरवर, गंभीर नदीच्या पट्ट्यात वसलेले हे माळव्यातले गाव त्या दिवशी होळकर संस्थानात मोडत होते. संस्थानाने संरक्षण, परराष्ट्र व्यवहार आणि दळणवळण या तीन बाबी भारताच्या हवाली केल्या होत्या. सारा, पोलीस, कचेरी, शाळा, दवाखाना हे बाकीचे सारे महाराजांच्या हुकमतीत होते. दिल्लीत तिरंगा चढला तेव्हा हातोदचा शेतकरी महाराजा यशवंतराव होळकर (दुसरे) यांची प्रजा होता. महाराजांनी ज्या नव्या भारताशी नाते जोडले, त्या भारताचा राजा कायद्याने अजून लंडनमध्येच होता, सहावा जॉर्ज. म्हणजे एका गावावर एकाच वेळी दोन मुकुट, आणि त्या गावाला मत मात्र एकही नाही.

आपल्याकडे स्वातंत्र्याचा इतिहास बहुतेक ब्रिटिश प्रांतांच्या बाजूने लिहिला गेला. मुंबई, पुणे, नागपूर, साताऱ्याचे प्रतिसरकार, सोलापूरचे हुतात्मे. पण हिंदुस्थानातल्या दर चार माणसांतला जवळपास एक माणूस संस्थानी मुलखात राहत होता. त्याच्यासाठी स्वातंत्र्य एका मध्यरात्रीत आले नाही. ते हप्त्याहप्त्याने आले आणि काही हप्ते तर प्रजासत्ताकाच्या घोषणेनंतरही बाकीच होते. होळकरांच्या मुलखाची ही वाट नीट पाहिली की वसाहत, स्वातंत्र्य आणि प्रजासत्ताक या तीन अवस्थांमध्ये नेमके काय बदलते ते स्पष्ट दिसते. माझ्या मते झेंडा आणि नाणे ही त्यातली वरवरची खूण आहे. कोण कुणाला जाब विचारू शकतो, हे बदलले की माणूस स्वतंत्र झाला असे म्हणावे.

सुरुवात अर्थात वैभवाची आहे. नीरेकाठच्या होळ गावचे मल्हारराव बाजीराव पेशव्यांबरोबर माळव्यात आले. नोव्हेंबर १७२८ मध्ये अमझेऱ्याच्या लढाईत मोगल सुभेदार गिरधर बहादूर पडला आणि माळव्याचे दार उघडले. पुढे १७३४ मध्ये मल्हाररावांच्या पत्नी गौतमाबाई यांच्या नावे पेशव्यांनी वेगळी खासगी सनद दिली. महेश्वर, देपालपूर, महिदपूर, सांवेर यांच्याबरोबर त्या सनदेत हातोदचेही नाव येते. दौलतीचा मुलूख सरदाराचा आणि खासगीचा मुलूख घरच्या बाईचा, अशी ही व्यवस्था होती. अहिल्याबाईंनी काशी, गया, सोमनाथ, हरिद्वारपर्यंत घाट आणि मंदिरे बांधली ती याच खासगीच्या उत्पन्नातून. माळव्यातल्या मूठभर गावांचा पैसा देशभरच्या नद्यांच्या काठावर दगडी पायऱ्या होऊन बसला आहे, आणि त्यात हातोदच्या शेतांचाही वाटा आहे. या खासगीचा पुढचा प्रवास लेखाच्या शेवटी येईल, कारण तो २०२२ पर्यंत चालू राहिला.

स्वातंत्र्य गेले ते दोन टप्प्यांत. पहिला टप्पा मराठ्यांच्या आपसातल्या भांडणाचा. २५ ऑक्टोबर १८०२ ला यशवंतराव होळकरांनी (पहिले) हडपसरजवळ पेशवे आणि शिंदे यांच्या फौजांचा पराभव केला. बाजीराव (दुसरा) पळाला आणि ३१ डिसेंबरला वसईत इंग्रजांच्या पदरात जाऊन पडला. रणांगणावर होळकर जिंकले आणि तहाच्या कागदावर सगळे मराठे हरले. १८०४ मध्ये हेच यशवंतराव इंग्रजांशी एकटे लढले, डिसेंबर १८०५ च्या राजघाटच्या तहापर्यंत त्यांनी हार मानली नाही, आणि १८११ मध्ये भानपुऱ्याला वारले. दुसरा टप्पा २१ डिसेंबर १८१७ चा, क्षिप्राकाठच्या महिदपूरला इंग्रजांकडून झालेल्या पराभवाचा. आदल्याच दिवशी संस्थानाचा कारभार पाहणाऱ्या तुळसाबाईंचा दरबारी कटात खून झाला होता. गादीवरचा मल्हारराव (तिसरा) जेमतेम अकरा वर्षांचा होता. ६ जानेवारी १८१८ ला मंदसोरला तह झाला. खानदेशासह सातपुड्याच्या दक्षिणेचा मुलूख गेला, राजपुतान्यावरचे हक्क गेले, दुसऱ्या राज्यांशी परस्पर बोलणी करायची मुभा गेली आणि दरबारात इंग्रज रेसिडेंट येऊन बसला. राजधानी इंदूरला आली. दिवाण तात्या जोग, म्हणजे विठ्ठल महादेव किबे, यांनी मोडलेल्या राज्याची घडी बसवली. इंदूरच्या किबे घराण्याचे ते मूळ पुरुष.

मग इंदूर ही वसाहत होती का? कायदेपंडितांचे उत्तर ‘नाही’ असे आहे. संस्थानाची स्वतःची नाणी, टपाल, न्यायालये, फौज होती. महाराजांना एकोणीस तोफांची सलामी होती. या उत्तरावर संस्थानी अभिमान आजही टिकून आहे. मला ते पटत नाही. महूला १८१८ मध्येच इंग्रजांची छावणी पडली ती राजधानीपासून फक्त चौदा मैलांवर. १८५४ पासून मध्य हिंदुस्थानातल्या सगळ्या संस्थानांवर देखरेख करणारी एजन्सी इंदूरच्या रेसिडेन्सीतूनच चालू लागली. तुकोजीराव (दुसरे) यांनी खंडवा-इंदूर रेल्वेसाठी इंग्रज सरकारला एक कोटी रुपये कर्जाऊ दिले. पैसा होळकरांचा, गाडीच्या नावात होळकर, आणि गाडीवरचा ताबा इंग्रजांचा.

१ जुलै १८५७ चा दिवस या संदर्भात निर्णायक आहे. सआदतखान यांच्या पुढाकाराने होळकरांच्याच शिपायांनी रेसिडेन्सीवर हल्ला केला. एजंट ड्युरँड सीहोरकडे पळाला. तुकोजीराव कुणाच्या बाजूने होते यावर दीडशे वर्षे वाद चालू आहे. इंग्रजांनी त्यांच्यावर संशय धरला. काही देशी लेखकांनी त्यांना गुप्त क्रांतिकारक ठरवले. मला वाटते, बाविशीतल्या त्या राजाने दोन्ही दारे उघडी ठेवली, आणि त्याच्या जागी असलेल्या माणसाने दुसरे काही करणे कठीण होते. पण सआदतखानांना असा पर्याय नव्हता. ते कित्येक वर्षे लपून राहिले, पकडले गेले आणि १ ऑक्टोबर १८७४ ला रेसिडेन्सीतच फासावर गेले. राजाला संशयाचा फायदा मिळाला आणि शिपायाला दोर. संस्थानी मुलखातल्या स्वातंत्र्यलढ्याची ही रचना पुढेही फारशी बदललेली दिसत नाही.

सार्वभौमत्वाचा खरा अर्थ काय, ते १९२५ मध्ये उघडे पडले. १२ जानेवारीला मुंबईत मलबार हिलवर अब्दुल कादर बावला या व्यापाऱ्याचा खून झाला. इंदूर दरबार सोडून आलेल्या मुमताज बेगमला पळवून नेण्याच्या प्रयत्नात तो घडला होता. आरोपींचे धागे इंदूरला पोचले. व्हाइसरॉयने तुकोजीरावांपुढे (तिसरे) दोन वाटा ठेवल्या: चौकशी आयोगाला सामोरे जा, नाहीतर गादी सोडा. फेब्रुवारी १९२६ मध्ये त्यांनी गादी सोडली. त्यांच्या वडिलांनी, शिवाजीरावांनी, १९०३ मध्ये सोडलीच होती. इथे माझा रोख महाराजांच्या दोषावर नाही. एका बाईचा आणि एका व्यापाऱ्याचा जीव या प्रकरणात भरडला गेला आणि तपास व्हायलाच हवा होता. मुद्दा असा की राजाला जाब विचारणारी सत्ता होती, पण ती प्रजेची नव्हती. लाखोंची होळकरी प्रजा राजाला काही विचारू शकत नव्हती. सिमल्याचा साहेब विचारू शकत होता. वसाहत म्हणतात ती हीच.

इथे जरा दूर, कॅरिबियन समुद्रातल्या बार्बाडोसकडे पाहावेसे वाटते. ते बेट १६२७ पासून इंग्रजांचे. तिथे संस्थानिक नव्हते, मळेवाले होते. त्यांची विधानसभा सतराव्या शतकापासून भरत आली, पण ती मालमत्ता असलेल्या मूठभरांची. गुलामगिरी १८३४ मध्ये कायद्याने संपली तरी मजुराला मत नव्हते. १९३७ मध्ये क्लेमेंट पेन या कामगार पुढाऱ्याला हद्दपार केल्यावर ब्रिजटाऊन पेटले आणि तिथून मजूर संघटना, प्रौढ मताधिकार, मंत्रिमंडळ असे टप्पे येत ३० नोव्हेंबर १९६६ ला एरोल बॅरो यांच्या नेतृत्वाखाली देश स्वतंत्र झाला. राणी मात्र राहिली. ती गेली बरोबर पंचावन्न वर्षांनी, ३० नोव्हेंबर २०२१ ला. गव्हर्नर-जनरल असलेल्या सँड्रा मेसन पहिल्या राष्ट्राध्यक्ष झाल्या. मुकुट उतरवूनही राष्ट्रकुलात राहण्याची ही सोय एप्रिल १९४९ च्या लंडन घोषणेने झाली होती, आणि ती भारतासाठी केलेली होती. नेहरूंनी पाडलेल्या पायवाटेवरून पुढे त्रिनिदादही १९७६ मध्ये गेला. आपल्याकडे स्वातंत्र्य येणे आणि मुकुट उतरणे यांच्यातले अंतर अवघे अडीच वर्षांचे होते. पण संस्थानी मुलखात आणखी एक मुकुट होता आणि तो उतरायला बराच जास्त वेळ लागला.

तो उतरवणे अवघड होते, कारण होळकरांचे राज्य वाईट नव्हते. हे मोकळेपणाने मान्य केले पाहिजे. पॅट्रिक गेडिस यांनी १९१८ मध्ये इंदूरच्या नगररचनेचा जो अहवाल दिला तो आजही नगररचनाकार वाचतात. अल्बर्ट हॉवर्ड यांनी दरबाराने दिलेल्या जमिनीवर शेतीसंशोधन संस्था चालवली आणि कंपोस्ट खताची ‘इंदूर पद्धत’ जगभर गेली. १९३० च्या दशकात यशवंतरावांच्या राजवटीत हातोदजवळ गंभीर नदी अडवून यशवंत सागर बांधला गेला. तो आजही इंदूरला पाणी देतो, तिथे सारस क्रौंच येतात, आणि २०२२ मध्ये त्याला रामसर स्थळाचा दर्जा मिळाला. पण धरण कुठे बांधायचे, पाणी शहराकडे किती न्यायचे आणि शेताला किती ठेवायचे, हे ठरवताना हातोदच्या माणसाला विचारण्याची कुठलीही जागा त्या राज्यव्यवस्थेत नव्हती. चांगला राजा मिळणे हे प्रजेचे नशीब होते, हक्क नव्हता.

याच काळात दुसऱ्या एका मराठी संस्थानात वेगळे घडत होते, आणि त्या राजाची इंदूरशी गाठही पडली होती. १९३५ मध्ये इंदूरला मराठी साहित्य संमेलन भरले त्याचे अध्यक्ष औंधचे राजे भवानराव पंतप्रतिनिधी होते. (त्याच वर्षी महात्मा गांधी हिंदी साहित्य संमेलनाच्या अध्यक्षपदासाठी दुसऱ्यांदा इंदूरला आले, पहिल्यांदा ते १९१८ मध्ये आले होते.) चार वर्षांत, जानेवारी १९३९ मध्ये, भवानरावांनी गांधीजींच्या सल्ल्याने औंधची सत्ता ग्रामपंचायतींवर उभ्या केलेल्या प्रतिनिधींच्या हाती दिली. औंध लहान होते, इंदूर मोठे, हे खरे. पण मोठेपणा ही सबब होऊ शकत नाही. इंदुरात शहाणे दिवाण होते, पैसा होता, गिरण्या होत्या, सुशिक्षित वर्ग होता. राजाने स्वतःहून सत्ता सोडण्याचे उदाहरण त्याच शहरात येऊन भाषण करून गेले होते.

इंदूरमध्ये ते काम प्रजेलाच करावे लागले. इंदूर राज्य प्रजामंडळ आणि गिरणी कामगारांच्या संघटना यांनी ते केले. बैजनाथ महोदय, मिश्रीलाल गंगवाल, कन्हैयालाल खादीवाला, व्ही. व्ही. द्रविड ही त्यातली ठळक नावे. आणि तात्यासाहेब सरवटे, म्हणजे विनायक सीताराम सरवटे. मराठी साहित्याचा इतिहास लिहिणारा हा माणूस पुढे मध्य भारताचा प्रतिनिधी म्हणून घटना समितीत बसला. ‘छोडो भारत’ आंदोलनात इंदूरचे राजबंदी नर्मदाकाठच्या मंडलेश्वरच्या तुरुंगात होते. २ ऑक्टोबर १९४२ ला, गांधीजयंतीच्या दिवशी, ते तुरुंग फोडून बाहेर पडले. हे महाराष्ट्रात फारसे कुणाला ठाऊक नाही आणि इंदूरच्या मराठी घरांतही आता क्वचितच बोलले जाते. राजवाडा, लालबाग, माणिकबाग दाखवायला आपण पाहुण्यांना नेतो. सरवटे हे नाव बहुतेकांना बसस्थानकापुरते माहीत आहे. मला याचे मनापासून वाईट वाटते. या मुलखातला माणूस प्रजेचा नागरिक झाला तो या लोकांमुळे.

यशवंतराव (दुसरे) यांच्याबद्दल निवाडा देणे कठीण जाते. १९४२ मध्ये त्यांनी अमेरिकेचे अध्यक्ष रूझवेल्ट यांना जाहीर पत्र लिहून हिंदुस्थानच्या प्रश्नात लक्ष घालण्याची विनंती केली. इंग्रजांच्या छत्राखालच्या राजाने हे करणे धाडसाचे होते. आणि तेच महाराज १९४७ च्या उन्हाळ्यात भोपाळचे नवाब हमीदुल्लाखान यांच्या बाजूला झुकून सामीलनाम्यावर सही करायला शेवटच्या घटकेपर्यंत तयार नव्हते. काहींना यात दुटप्पीपणा दिसतो. मला दोन्ही कृतींमागे एकच धारणा दिसते: देश इंग्रजांपासून सुटावा, पण माझे राज्य माझेच राहावे. वैयक्तिक पातळीवर हे समजण्यासारखे आहे. प्रजेच्या बाजूने पाहिले तर ते अपुरे आहे.

सामीलनाम्यानंतर आठ-नऊ महिन्यांत संस्थानच संपले. २२ एप्रिल १९४८ ला करारनाम्यावर सह्या झाल्या आणि २८ मे रोजी नेहरूंच्या हस्ते ग्वाल्हेरला मध्य भारत या नव्या राज्याचे उद्घाटन झाले. राजप्रमुख जिवाजीराव शिंदे, उपराजप्रमुख यशवंतराव होळकर. पहिले मुख्यमंत्री लीलाधर जोशी. शिंद्यांना वर्षाला पंचवीस लाख तनखा, होळकरांना पंधरा लाख. राजधानीवरून इतकी ओढाताण झाली की थंडीत ग्वाल्हेर आणि उन्हाळ्यात इंदूर अशी वाटणी करावी लागली आणि कचेऱ्यांची दप्तरे दरवर्षी इकडून तिकडे जाऊ लागली. हडपसरपासून चालत आलेली शिंदे-होळकर चुरस फायलींच्या गाठोड्यांपर्यंत उतरली. लढाईपेक्षा हे नक्कीच बरे होते.

२६ जानेवारी १९५० ला भारत प्रजासत्ताक झाला. हातोदसाठी त्या दिवशी दोन गोष्टी घडल्या. तिथला माणूस कायद्याने भारताचा नागरिक झाला, लंडनचा मुकुट गेला. पण घटनेने मध्य भारताला ‘ब’ वर्गातले राज्य ठरवले आणि त्याच्या शिरोभागी राज्यपालाऐवजी राजप्रमुख ठेवला. प्रजासत्ताकात एक राजा हयातभरासाठी घटनात्मक प्रमुख! शिवाय मूळ कलम ३७१ नुसार दहा वर्षे या राज्यांच्या सरकारांवर केंद्राची सर्वसाधारण देखरेख राहणार होती. प्रांतांवर असे बंधन नव्हते. ही तडजोड सरदार पटेल आणि व्ही. पी. मेनन यांनी समजून-उमजून केली होती. रक्त न सांडता साडेपाचशेच्या वर संस्थाने आत आणायची तर काही काळ राजांना मान द्यावा लागणारच, असा त्यांचा हिशेब होता. मला तो हिशेब बरोबर वाटतो, पण त्याची किंमत संस्थानी प्रजेने भरली हेही नोंदवले पाहिजे. घटनेच्या मसुदा समितीचे अध्यक्ष डॉ. आंबेडकर यांचा जन्म १४ एप्रिल १८९१ ला महूच्या छावणीत झाला होता, हातोदहून तासाभराच्या अंतरावर. त्यांच्या घटनेने दिलेले मत या भागाने पहिल्या सार्वत्रिक निवडणुकीत वापरले. मध्य भारताच्या विधानसभेच्या ९९ जागांपैकी ७५ काँग्रेसला मिळाल्या आणि १९५२ मध्ये इंदूरचे मिश्रीलाल गंगवाल मुख्यमंत्री झाले. होळकरांच्या राज्यात राजबंद्यांच्या बाजूचा माणूस आता होळकरांच्या शहरातून राज्य चालवत होता.

शेतकऱ्याच्या दृष्टीने मात्र सर्वांत मोठा बदल विधानसभेच्या इमारतीत दिसत नाही, तो जमिनीच्या कागदावर दिसतो. मध्य भारताने आपल्या कायद्यांवर विक्रम संवताची वर्षे घातली. संवत २००७ चा भू-राजस्व व काश्तकारी कायदा १९५० मध्ये आला आणि सरकारी जमीन कसणारा माणूस ‘पक्का कृषक’ ठरला. पाठोपाठ जहागिरी आणि जमीनदारी संपवणारे संवत २००८ चे कायदे आले. पुढे मध्य प्रदेशाच्या १९५९ च्या भू-राजस्व संहितेने त्याच माणसाला ‘भूमिस्वामी’ म्हटले. ती संहिता २ ऑक्टोबर १९५९ पासून लागू झाली. आज सोयाबीन, गहू, लसूण काढणाऱ्या हातोदच्या शेतकऱ्याच्या खसऱ्यावर जो हक्क लिहिलेला असतो तो या वाटेने आलेला आहे.

मध्य भारत टिकला आठ वर्षे. १ नोव्हेंबर १९५६ ला तो मध्य प्रदेशात विरला, राजप्रमुखपद गेले, राजधानी भोपाळला गेली. इंदूरला उच्च न्यायालयाचे खंडपीठ मिळाले. कॅरिबियन बेटांनीही असाच एक संघ करून पाहिला: १९५८ मध्ये वेस्ट इंडिज फेडरेशन उभे राहिले, बार्बाडोसचे ग्रँटली अॅडम्स त्याचे पंतप्रधान झाले, आणि जमैका बाहेर पडल्यावर १९६२ मध्ये ते मोडले. संघ गेला, क्रिकेटचा संघ राहिला. होळकरांचेही तसेच झाले. सी. के. नायडू आणि मुश्ताक अली यांचा होळकर संघ चार वेळा रणजी करंडक जिंकला, त्यातले शेवटचे दोन विजय १९५०-५१ आणि १९५२-५३ चे, म्हणजे संस्थान संपल्यानंतरचे. राज्याचा नकाशा पुसला गेल्यावरही १९५५ पर्यंत होळकर या नावाने मैदानात अकरा माणसे उतरत होती.

तनखे आणि पदव्या त्यानंतरही पंधरा वर्षे चालल्या. ५ डिसेंबर १९६१ ला यशवंतराव वारले आणि कन्या उषाराजे यांना वारस म्हणून मान्यता मिळाली ती भारत सरकारकडून. गादीचा वारस ठरवणारा हात पूर्वी व्हाइसरॉयचा होता, आता प्रजासत्ताकाचा. डिसेंबर १९७१ च्या सव्विसाव्या घटनादुरुस्तीने हाही शेवटचा धागा तुटला.

राहिली खासगी. संस्थान विलीन झाले तेव्हा अहिल्याबाईंच्या घाटांचे, मंदिरांचे, धर्मशाळांचे काय करायचे हा प्रश्न उरला. १९६२ मध्ये त्यासाठी न्यास झाला. पुढे हरिद्वारसारख्या ठिकाणच्या मालमत्तांच्या हस्तांतरावरून वाद उठला आणि तो इंदूर खंडपीठातून दिल्लीपर्यंत गेला. जुलै २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ठरवले की हा सार्वजनिक न्यास आहे, मध्य प्रदेशच्या १९५१ च्या सार्वजनिक न्यास कायद्याखाली त्याची नोंदणी झाली पाहिजे आणि व्यवहारांची तपासणी निबंधकांनी करावी. १७३४ च्या सनदेत ज्या गावांच्या उत्पन्नावर ही खासगी उभी राहिली, त्या गावांतला कुणीही नागरिक आता त्या नोंदवहीची प्रत मागू शकतो.